याकूबच्या शेजारी उभं राहायला

कोल्हापूरहून परतलेल्या माणसाला आमच्याकडे पहिला प्रश्न असतो, अंबाबाईचं दर्शन नीट झालं का, आणि दुसरा, गूळ आणलात का. मलाही दोन्ही विचारून झाले. दर्शन घाईघाईत झालं आणि गूळ आणायचा राहिला. मी देवाला गेलेच नव्हते मुळी. मी गेले होते साक्ष द्यायला, आणि तिथं काय झालं ते एकदा सगळ्यांना सांगून टाकलेलं बरं. रोज नव्या माणसाला ओसरीवर बसवून तेच तेच सांगायचा मला आता कंटाळा आलाय.

मी आमच्या खाडीकाठच्या गावात मुलींच्या शाळेत मास्तरीण आहे. याकूब आमच्या गावचा सिद्दी. त्याच्या पूर्वजांना कधीकाळी आफ्रिकेतून गलबतात घालून इकडे आणलं. तेव्हापासून हे लोक कोकणचेच झाले, पण कातडीचा काळा रंग आणि कुरळे केस तेवढे तिकडचे राहिले. याकूब नारळ आणि सुकी मासळी गाडीत भरून घाटावर नेतो. अशाच एका खेपेला कोल्हापूरच्या बाजारात तो नारळ उतरवत असताना एका कापडवाल्या शेटजींनी त्याला पाहिलं आणि "हाच तो! हाच तो!" म्हणून बोंब ठोकली. शेटजींना त्याआधी गडमुडशिंगीच्या वाटेवर दिवेलागणीला लुटलं होतं. हात मोडला होता, बायकोच्या पाटल्या गेल्या होत्या. चोर काळाकुट्ट आणि दांडगा होता, एवढं त्यांना आठवत होतं. याकूब काळाकुट्ट आणि दांडगा आहे. झालं, बेड्या पडल्या.

आता गंमत अशी की शेटजींना लुटलं त्या संध्याकाळी याकूब माझ्या डोळ्यांसमोर शाळेच्या छपरावर बसून कौलं लावत होता. दुसऱ्या दिवशी शाळा तपासायला दिपोटीसाहेब यायचे होते, म्हणून मी खाली उभी राहून त्याच्यावर ओरडत होते. इतकी ओरडत होते की अर्ध्या गावानं ऐकलं. ती संध्याकाळ मी विसरणं शक्य नाही.

त्याची बायको हलिमा माझ्या दारात आली. रडली नाही. म्हणाली, "बाई, तुम्ही बघितलंत ना त्याला छपरावर?"

"बघितलं."

"मग तिकडे जाऊन सांगा."

गावातल्या शहाण्यांनी मला खूप शिकवलं. बाईमाणसानं कचेरीची पायरी चढू नये, परक्या संस्थानात आपलं कोण ऐकणार, आणि शेवटी, "हबशाची जात, कुणी सांगावं?" आमचं गावही काही धुतल्या तांदळाचं नाही. मी म्हटलं, छपरावर कोण होतं ते मला ठाऊक आहे, आणि दुसऱ्याच दिवशी धोंडू गाडीवानाला गाडी जुंपायला लावली.

मलकापूर

आंबा घाट चढताना काय काय दिसतं ते मी लिहीत नाही. मला दिसली फक्त धोंडूची पाठ आणि बैलांची शेपटं. घाट चढून वर आल्यावर मात्र हवा बदलते, अंगातला चिकचिकाट जातो आणि माणसाला आपण कुणीतरी निराळंच झाल्यासारखं वाटतं. ते वाटणं मलकापूरच्या वेशीपर्यंत टिकलं. तिथं चाक मोडलं.

"दोन आरे गेले," धोंडू म्हणाला. सुतारानं चाक पाहिलं आणि माझ्याकडे न बघता म्हणाला, "परवा या."

"परवा? अरे, तिकडे माणूस कोठडीत सडतोय!"

"माणसाला मी काय करू पावणं? लाकूड तरी आलं पायजे की वखारीतनं."

कर्म माझं! धर्मशाळेत पडशी टाकली आणि जोंधळ्याची भाकरी आणि ठेचा खाल्ला. आमच्याकडे जेवणात नारळ नसला तर जेवलो असं वाटत नाही. इथं त्या जागी तिखट. पहिल्या घासाला डोळ्यांतून पाणी आलं, आणि दुसरी भाकरी मी मागून घेतली.

संध्याकाळी त्या सुताराच्या लाकडाचं काय झालं ते बघायला वखारीकडे निघाले. तिन्हीसांजेची वेळ होती, ओंडक्यांच्या राशीपाशी एक माणूस पाठमोरा उभा होता. तेच खांदे, तेच केस, मान तिरकी करून उभं राहायची तीच ढब. माझ्या काळजानं उडीच घेतली. "याकूब! अरे सुटलास तू? मेल्या, सांगावा तरी धाडायचास!" असं म्हणत मी धावले आणि त्याचं मनगट धरलं.

तो माणूस वळला. त्यानं दोन्ही हात वर केले आणि मागे सरत म्हणाला, "मी काय नाय केलं, बाई. मी काय नाय केलं."

तो याकूब नव्हता. जवळून पाहिलं तर मुळीच नव्हता. याकूबपेक्षा वीतभर ठेंगणा, वयानं बराच मोठा, कपाळावर जुनी खोक. याकूबला मी तो लंगोटीवर फिरत होता तेव्हापासून ओळखते. त्याला खरूज झाली तेव्हा गंधक मी लावलंय. आणि त्याच याकूबला ओळखण्यात मी ठार चुकले होते! मी तिथंच ओंडक्यावर बसले. चुकल्याचं नाही तितकं त्याच्या त्या बोलण्याचं मला लागलं. कुणी नुसता हात धरला तर माझ्या तोंडून "अगंबाई, कोण ते?" येईल. त्याच्या तोंडून पहिलं वाक्य आलं ते हे.

त्याचं नाव बस्त्याव. हल्याळच्या जंगलाकडचा ख्रिस्ती सिद्दी. तो आणि त्याचे दोन पुतणे इकडे लाकूड कापायला आले होते. मी त्याची माफी मागितली आणि का आले ते सगळं सांगितलं. बोलता बोलता माझ्या डोक्यात उजेड पडला. मी चुकू शकते, तर अंधारात मार खाल्लेले शेटजी चुकणार नाहीत?

मी विचारलं, "तुम्ही तिघं माझ्याबरोबर कोल्हापूरला याल? याकूबच्या शेजारी नुसतं उभं राहायचं. शेटजी ओळखतात का बघू."

बस्त्याव हसला. हसण्यात आनंद नव्हता. "बाई, आज तुमचा एक आत हाय. आमी गेलो की चार आत जातील. तुमी शब्द देता, तसं होणार नाय म्हणून?"

खोटं बोलायचं माझ्या जिभेवर आलं होतं. पण नाही बोलवलं. "मी शब्द देऊ शकत नाही," मी म्हटलं. "मी फौजदार नव्हे. मी फक्त ओरडू शकते. ते मात्र भरपूर ओरडेन."

तो करवत उचलून गेला. मी त्याला दोष दिला नाही. दिला असता तरी कुठल्या तोंडानं?

चाक बसलं त्या सकाळी गाडीपाशी येते तर तिघं आधीच उभे. धुतलेले सदरे, डोक्याला मुंडासं. बस्त्याव म्हणाला, "माझ्या भावाला असंच नेलं होतं बाई, तिकडं आमच्या गावाकडं. त्याच्या बाजूला कुणी उभं राह्यलं नाय. मी पण नाय. चला."

शिवाजी पेठ

कोल्हापुरात मी शिवाजी पेठेत गंगूबाईंकडे उतरले. याकूबचे नारळ घेणाऱ्या दुकानदाराची ही बहीण. दारात म्हशी, अंगणात शेणी आणि आवाज असा की पलीकडच्या तालमीतले पैलवान दचकावेत. इथल्या बायका स्वतःबद्दल बोलताना "मी जातो", "मी करतो" असं पुरुषासारखं बोलतात. पहिल्या दिवशी मला हसू आलं. दुसऱ्या दिवशी मला ते आवडायला लागलं.

माझ्यामागून तीन सिद्दी आत आले तेव्हा शेजारणींनी खिडक्या लावून घेतल्या. गंगूबाईंनी एकदा बस्त्यावकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे.

"ही कोण पावणं म्हणायची?"

मी सांगितलं. त्यांनी आत वळून हाक दिली, "तीन ताटं वाढीव घ्या गं!" मग खिडक्यांकडे तोंड करून त्याच आवाजात म्हणाल्या, "ज्येला बघायचंय त्येनं दार उघडून बघा की! फुकट हाय!"

जेवताना मटणाचा रस्सा इतका लाल होता की मासे खाणारी मीसुद्धा आधी बावचळले. बस्त्यावचा धाकटा पुतण्या मात्र वाटीमागून वाटी रिचवत होता, आणि गंगूबाई "वाढ, वाढ, लाजू नगं" म्हणत त्याच्यावर खूष झाल्या होत्या. तेव्हा त्या सहज म्हणाल्या, "आमच्या सासऱ्यास्नी बी असंच लुटलंतं वाटंत. चोर तोंडाला काजळी फासूनच येत्यात की! त्यांचं तोंड काळंच दिसणार. सकाळी तळ्यात धुतलं की झाली सावासारखी मोकळी."

माझा घास हातातच राहिला. "आणि ज्याचं धुतलं तरी जात नाही, तो सापडतो," मी म्हटलं.

गंगूबाईंनी भाकरीची टोपली बाजूला सारली. मग म्हणाल्या, "व्हय की वो बाई. हे आमच्या कुणाच्या टकुऱ्यातच आलं न्हाय."

दुसऱ्या दिवशी फौजदारांना भेटले. साक्ष सांगितली. ते मिशीला पीळ देत म्हणाले, "बाई, आपल्या गावच्या माणसासाठी सगळीच असं बोलत्यात. शेटजींनी सहा माणसांत त्याला ओळखलाय."

"ती सहा माणसं कोण होती?"

"आमचे शिपाई. आन् दोन हमाल."

"त्यांतले काळे किती?"

फौजदारांना प्रश्न कळला नाही. अगदी खरंच कळला नाही. त्यांनी भुवया वर करून माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाले, "काळा तर त्योच की!"

या राज्यात महाराजांनी जातीजातीच्या पोरांसाठी बोर्डिंगं काढलीत. रस्त्यानं जाताना ती पोरं पाटीदप्तर घेऊन जाताना मी पाहिली आणि मनापासून बरं वाटलं. राजा एवढं करतो, आणि चौकीतला डोळा मात्र जुना तो जुनाच. तिथून निघाले ते तडक याकूबला भेटायला. त्याचे गाल बसले होते. मला पाहताच त्यानं विचारलं, "कौलं गळतायत काय, बाई?"

"नाही रे बाबा. एकही नाही."

"मग मी तिथंच होतो," तो म्हणाला. स्वतःलाच पटवून दिल्यासारखं म्हणाला. इतके दिवस सगळे त्याला तू चोर, तू चोर म्हणत होते.

कचेरी

आमच्या बाजूनं एक तरुण वकील होते. ते घसा साफ करण्यात फार वाकबगार. मॅजिस्ट्रेटसाहेब वयस्क, चष्मेवाले, थकलेले. माझी साक्ष त्यांनी नीट ऐकली, पण फौजदारांनी पुन्हा तेच, गाववाले, ओळख पटलेली, वगैरे. साहेबांची मान त्या बाजूला डुलायला लागली, तेव्हा मी वकिलांचा घसा साफ होण्याची वाट पाहिली नाही.

"साहेब," मी म्हटलं, "पांढऱ्या बैलांत एक काळी म्हैस बांधायची आणि म्हैस ओळखा म्हणायचं, ही कसली ओळख? मी बाहेर तीन माणसं आणली आहेत. याकूबला त्यांच्यात उभा करा. शेटजींनी पुन्हा ओळखलं तर मी गप्प घरी जाईन."

खरं सांगते, हे बोलून गेले आणि मग विचार आला. ओळखलंच असतं शेटजींनी तर? चारांत एक, नशिबानंही बोट लागू शकतं. पण शब्द गेला होता.

साहेबांनी बराच वेळ चष्मा पुसला. मग म्हणाले, "करा." चौघांना शेजारच्या दालनात नेलं, सारखी घोंगडी पांघरायला दिली, सारखी मुंडाशी बांधली आणि पुन्हा आत आणून भिंतीशी उभं केलं. शेटजींना बोलावलं. त्यांचा हात अजून झोळीत होता, आणि चौघांना पाहून ते थरथरले. तो माणूस नाटकी नव्हता. त्याला लुटलं होतं, मारलं होतं, आणि त्याची भीती खरी होती. म्हणूनच पुढचं सगळं इतकं भयंकर झालं.

ते रांगेतून एकदा गेले. अडखळले नाहीत. एकापुढे थांबले आणि बोट केलं. "हाच. देवाशपथ सांगतो, हाच. ह्याचे डोळे मी मरेपर्यंत विसरणार नाही."

बोट बस्त्यावकडे होतं.

आता सुटला याकूब, म्हणून मी हसणार, तोवर फौजदारांनी मान हलवली आणि दोन शिपायांनी पुढे होऊन बस्त्यावचे दंड धरले! त्यांच्या लेखी सगळं सरळ होतं. शेटजींनी ओळखलं, धरा. बस्त्याव झटापट करायला गेला नाही. त्यानं दोन्ही हात वर केले, वखारीपाशी केले होते तसेच, आणि माझ्याकडे पाहिलं. सांगायचं ते मलकापुरातच सांगून झालं होतं त्याचं.

मग मी ओरडले. त्याला कबूल केलं होतं तेवढं, त्याहून जास्त. "सोडा त्याला! अहो, तो मलकापूरच्या वखारीतला लाकूडतोड्या! त्याला मी आणलाय, मी! लाजा नाहीत तुम्हाला? काल तो याकूब चोर, आज हा चोर, उद्या आणखी कुणी? काळा दिसला की धरायचा, एवढाच का तुमचा कायदा?"

पट्टेवाला मला बाहेर काढायला आला. मी खुर्चीचा हात घट्ट धरला. याकूब रांगेतून बाहेर आला आणि बस्त्यावच्या शेजारी जाऊन उभा राहिला, खांद्याला खांदा लावून. मग दोन्ही पुतणे आले. कुणी हात उगारला नाही. चौघं नुसते एकमेकांना चिकटून उभे राहिले, आणि शिपायांना एकाला वेगळा काढता येईना.

"फौजदार," साहेब म्हणाले, "हात काढा त्याच्या अंगावरून." आवाज चढलेला नव्हता, पण शिपायांचे हात सुटले. मग शेटजींना, "नक्की हाच?"

"नक्की, साहेब."

"याआधी ज्याला नक्की ओळखलात, तो ह्याच्या डाव्या हाताला उभा आहे."

शेटजींनी डावीकडे पाहिलं, मग उजवीकडे. बिचारे मटकन खाली बसले. साहेबांनी याकूबला तिथल्या तिथं मोकळं केलं. बाहेर पायरीवर शेटजी माझ्यापाशी आले, डोळ्यांत पाणी. "मग मला लुटलं कुणी, बाई?"

"ते फौजदारांना विचारा," मी म्हटलं. "त्यांनी शोधलंच नाही. काळा माणूस मिळाला आणि शोध तिथंच थांबला. तुमचा चोर तोंड धुऊन मोकळा फिरतोय."

ते मान खाली घालून गेले. मला त्यांचा राग आला नाही. राग आला होता तो वेगळ्याच कशाचा, आणि तो अजून गेलेला नाही.

परत

गंगूबाईंनी निघताना याकूबला शेर दोन शेर ताजं दूध पाजलं, म्हशीच्या कासेखालचं, फेसासकट. "आता ये की परत," त्या म्हणाल्या. "न्हाईतर ही पेठ म्हणंल, चोरच हुता, म्हणून पळाला." मलकापूरला बस्त्याव आणि पुतणे उतरले. याकूब त्याचे हात धरून कितीतरी वेळ उभा होता. दोघांची भाषाही धड एक नव्हती. धोंडूनं बैलांना उगाच पाणी पाजायला नेलं, परत आणलं, पुन्हा नेलं.

घाट उतरायच्या आधी नाक्यावर आमच्या पुढे चार गाड्या सुटल्या. आमची अडवली. शिपायानं धोंडूला काही विचारलं नाही, मला काही विचारलं नाही. याकूबला विचारलं, "कुठला तू? काय हाय गाडीत?" मी तोंड उघडणार, तोवर याकूबनं शांतपणे नाव सांगितलं, गाव सांगितलं, रिकामं पोतं उलटं करून दाखवलं. सुटून दोन दिवस झाले नव्हते. कोकणात उतरेपर्यंत मी त्या शिपायाला मनातल्या मनात शिव्या घालत होते.

घरी आल्यावर मला सुचलं ते केलं. शाळेचा कागद घेतला, शिक्का मारला आणि सुवाच्य अक्षरात दाखला लिहिला. सदर याकूब यास मी लहानपणापासून ओळखते, हा सचोटीचा माणूस आहे, चोर नाही. मला स्वतःचं फार कौतुक वाटलं. हलिमाला हाक मारली, याकूबला बोलावलं आणि कागद त्याच्या हातात दिला. "हा नेहमी मुंडाशात ठेव. कुणी अडवलं की दाखव."

हलिमाचा चेहरा उजळला. याकूबनं मला कागद वाचून दाखवायला सांगितला. ऐकून घेतला. मग नीट घडी घालून माझ्यासमोर ठेवला.

"बाई, तुमच्या मुंडाशात... म्हणजे तुमच्या पदरात आहे काय असला दाखला?"

"मला कशाला लागतो?"

"धोंडूकडं आहे?"

"त्याला तरी कशाला?"

"मी हा घेतला तर नाक्यावरचा शिपाई म्हणेल, काळा माणूस, पण दाखला आहे, जाऊ दे. मग उद्या बस्त्यावदादाला विचारतील, तुझा दाखला कुठाय? त्याच्याकडं नसणार. म्हणजे तो चोर." त्यानं कागद माझ्याकडे सरकवला. "तो माझ्या शेजारी उभा राह्यला, बाई. मी हा घेऊन त्याच्यापासनं लांब नाय उभा राहणार."

हलिमानंच तो कागद उचलला, चुलीशी नेला आणि विस्तवात घातला. मी अडवलं नाही.

दिवाळीचा बाजार झाला की याकूब पुन्हा नारळ घेऊन कोल्हापूरला जाणार आहे, त्याच वाटेनं, त्याच बाजारात, मुंडाशात काही न ठेवता. जाताना मलकापूरच्या वखारीत थांबेल, बस्त्याव आणि पुतण्यांना बरोबर घ्यायला. मीही गाडीत असेन. गंगूबाईंना निरोप धाडलाय, पाच ताटं धरा म्हणून.